डचांना जे जमले, ते मराठी विभागांना का जमू नये?

मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी. तेव्हापासून आमच्या वाशिम जिल्ह्यातील व्यासपीठांवर वत्सगुल्माचे नाव पूर्वीपेक्षा अधिक वेळा घेतले जाते. घ्यावेच, कारण नाव घेण्यासारखे येथे खरोखरच काही आहे. वाकाटकांच्या एका शाखेची ही राजधानी. राजशेखराच्या 'काव्यमीमांसे'त काव्यपुरुष आणि साहित्यविद्या यांचा विवाह होतो तो याच नगरात. येथील राजा सर्वसेन याने 'हरिविजय' हे प्राकृत काव्य रचले. ते आज उपलब्ध नाही, पण आनंदवर्धनासारख्या काव्यशास्त्रज्ञाने त्याची दखल घेतली आहे. १९३९ मध्ये वाशिम येथे दुसऱ्या विंध्यशक्तीचा ताम्रपट सापडला. त्यात राजाची वंशावळ संस्कृतात आहे आणि प्रत्यक्ष दानाचा व्यवहार प्राकृतात.

एवढे सांगून वक्ते टाळ्या घेतात आणि खाली बसतात. आमचा आक्षेप या खाली बसण्याला आहे. वंशावळ एका भाषेत आणि व्यवहार दुसऱ्या भाषेत, असे त्या लेखकाला का करावेसे वाटले असेल? एका भाषेतून दुसरीत जाताना वाक्यरचना कोठे आणि कशी बदलते? हे प्रश्न विचारणारा एम.ए. मराठीचा विद्यार्थी या जिल्ह्यात आम्हांला अद्याप भेटलेला नाही. दोष त्याचा नाही. प्रश्न कसा विचारायचा हेच त्याला कोणी शिकवलेले नाही.

भाषेचे मोठेपण तिच्या गौरवदिनांवरून ठरत नाही, तिला किती कठीण प्रश्न विचारले गेले यावरून ठरते, असे आमचे म्हणणे आहे. ते स्पष्ट करण्यासाठी आम्ही एका अनपेक्षित भाषेचे उदाहरण घेत आहोत. ती भाषा म्हणजे डच.

डच ही सुमारे अडीच कोटी लोकांची भाषा आहे. २०११ च्या जनगणनेत मराठी मातृभाषा नोंदवणाऱ्यांची संख्या आठ कोटी तीस लाखांच्या घरात होती. इंग्रजी, जर्मन आणि फ्रेंच या तीन बलाढ्य शेजारणींच्या मध्ये डच वसलेली आहे, म्हणजे न्यूनगंड बाळगायला मराठीपेक्षा तिला अधिक कारणे आहेत. तरीही गेल्या पन्नास वर्षांच्या सैद्धान्तिक भाषाविज्ञानाचा कोणताही गंभीर ग्रंथ उघडला तर डच वाक्ये पानोपानी भेटतात. मराठी वाक्ये भेटतात, पण क्वचित, आणि बहुधा परदेशी विद्यापीठांत काम केलेल्या मोजक्या अभ्यासकांच्या पुण्याईने.

हे कसे घडले? आधी डच विद्वानांचा आणि आपला संबंध पाहू. तो आपण समजतो त्याहून जवळचा आहे. पतंजलीच्या महाभाष्याचे सटीप इंग्रजी भाषांतर पुणे विद्यापीठाच्या संस्कृत प्रगत अध्ययन केंद्रातून १९६८ पासून खंडशः निघू लागले. ते सुरू केले शि. द. जोशी यांनी, आणि पुढे वर्षानुवर्षे त्यांच्याबरोबर बसून ते काम केले रोडबर्गेन या डच विद्वानाने. याच जोडीने पुढे साहित्य अकादमीसाठी अष्टाध्यायीचे खंड सिद्ध केले. योहानेस ब्रोंकहोर्स्ट हे डच अभ्यासक पुण्यात शिकले. अ‍ॅम्स्टरडॅमचे फ्रिट्स स्टाल यांनी १९६७ मध्ये संस्कृतातील पदक्रम आणि वैश्विक व्याकरण यांवर पुस्तक लिहिले आणि पाणिनीला आधुनिक भाषाविज्ञानाच्या चर्चेत आणून बसवले. खुद्द आमच्या वाकाटकांवर ग्रोनिंगनचे हान्स बाकर यांनी १९९७ मध्ये ग्रंथ प्रसिद्ध केला. वा. वि. मिराशींनी नागपुरात बसून वाकाटकांच्या कोरीव लेखांचा पाया घातला होता. त्यावर पुढची भिंत चढवायला माणूस आला तो उत्तर समुद्राच्या काठावरून.

येथे कोणी म्हणेल, ही तर संस्कृतची आणि इतिहासाची कामे झाली. मराठीच्या प्राध्यापकाला त्यांचे काय? उत्तर असे की डच अभ्यासक परक्या भाषेच्या व्याकरणाकडे ज्या नजरेने पाहतात, त्याच नजरेने ते स्वतःच्या भाषेकडेही पाहतात. आपण पाणिनीची पूजा करतो आणि घरच्या भाषेकडे पाहताना पाणिनीची नजर मात्र देव्हाऱ्यात ठेवून येतो.

त्यांच्या घरच्या कामाचा हिशेब थोडक्यात असा. त्यांच्या ऐतिहासिक महाकोशाचा पहिला भाग १८६४ मध्ये निघाला आणि काम पूर्ण झाले १९९८ मध्ये. एकशे चौतीस वर्षे, चाळीस खंड. मधल्या दोन महायुद्धांतूनही काम पूर्णत्वास गेले. आपल्याकडे दाते-कर्वे यांच्या 'महाराष्ट्र शब्दकोशा'चे सात खंड १९३२ ते १९३८ या अवघ्या सहा वर्षांत झाले. तो पराक्रमच होता. पण पराक्रमानंतर जी संस्था उभी राहायला हवी ती राहिली नाही. म्हणून आजही शब्दाचा अर्थ पाहायला आपण मोल्सवर्थच्या १८५७ च्या आवृत्तीकडे धावतो.

कोश हा तरी सर्वांना कळणारा विषय. खरा फरक वाक्यविचारात आहे. १९७५ मध्ये यान कोस्टर यांनी एक साधा वाटणारा सिद्धान्त मांडला. डच मुख्य वाक्यात क्रियापद दुसऱ्या जागी येते, त्यामुळे ती इंग्रजीसारखी भाषा वाटते. पण तिची मूळ घडण क्रियापद शेवटी ठेवणारी आहे, म्हणजे मराठीसारखी. गौण वाक्यांत हे उघड दिसते, मुख्य वाक्यात ते झाकले जाते. दररोज बोलल्या जाणाऱ्या भाषेविषयी दिसते एक आणि असते दुसरे असे कोणी दाखवून दिले, की त्या भाषेचे व्याकरण हा पाठांतराचा विषय राहत नाही, तो शोधाचा विषय होतो.

पुढच्याच वर्षी रिनी हाउब्रेख्ट्स यांनी डचमधील एका विलक्षण रचनेकडे लक्ष वेधले. ती मराठीतून समजावून घेऊ. 'जानने पीटला मुलांना पोहायला मदत करताना पाहिले' या वाक्यात कर्ते ओळीने येतात : जान, पीट, मुले. क्रिया मात्र उलट्या क्रमाने येतात : पोहणे मुलांचे, मदत करणे पीटचे, पाहणे जानचे. कंसात कंस, त्यात आणखी एक कंस, आणि मग आतून बाहेर कंस मिटत जावेत तशी ही मराठीची रचना आहे. डचमध्ये तसे होत नाही. तेथे कर्ते जान, पीट, मुले या क्रमाने येतात आणि क्रियाही पाहणे, मदत करणे, पोहणे याच क्रमाने येतात. पहिल्याची जोडी पहिल्याशी, दुसऱ्याची दुसऱ्याशी. जोडणाऱ्या रेषा काढल्या तर त्या एकमेकींना छेदतात. असे छेद ज्या भाषेत आहेत तिचे वर्णन करायला चॉम्स्कीने वर्गीकरण केलेल्या व्याकरणांपैकी 'संदर्भमुक्त' हा प्रकार पुरेल काय, असा प्रश्न उभा राहिला. हा गणिताचा प्रश्न होता, संगणकशास्त्राचा होता, आणि मानवी मेंदूच्या क्षमतेचाही होता.

गंमत पुढे आहे. डचच्या आधारे हा प्रश्न निर्विवादपणे सुटेना, कारण डच नामांना विभक्तिप्रत्यय उरलेले नाहीत. कोणते नाम कोणत्या क्रियेचे हे रूपावरून सिद्ध करता येत नाही. तो सुटला १९८५ मध्ये, स्टुअर्ट शीबर यांच्या लेखात, आणि सुटला तो स्विस जर्मनच्या आधारे. म्हणजे एका बोलीच्या आधारे! शाळेत जिच्याऐवजी प्रमाण जर्मन लिहायला शिकवतात, घरात आणि बाजारात जी बोलतात, त्या बोलीत अशीच छेदणारी रचना होती आणि शिवाय विभक्ती शिल्लक होती. मानवी भाषेच्या गणिती स्वरूपाविषयीचा एक मूलभूत प्रश्न प्रमाणभाषेने नव्हे, बोलीने निकालात काढला.

हे उदाहरण आम्ही हेतुपुरस्सर विस्ताराने दिले, कारण आता आम्हांला वऱ्हाडीविषयी बोलायचे आहे.

आमच्या विभागांत वऱ्हाडीचे दोनच उपयोग आहेत. एक, स्नेहसंमेलनात हशा पिकवणे. दोन, प्रबंधाच्या शेवटच्या प्रकरणात शब्दांची आणि म्हणींची यादी जोडणे. उरलेल्या वेळी ती चूक असते, उत्तरपत्रिकेत लाल शाईने दुरुस्त करण्याची वस्तू. 'मले', 'तुले' लिहिणारा विद्यार्थी 'अशुद्ध' ठरतो, आणि त्याच्या तोंडून पिढ्यान्‌पिढ्या शाबूत राहिलेल्या रूपांविषयी त्याला कोणी एकही प्रश्न विचारत नाही.

एकच रचना घेऊ. 'तो काय करून राह्यला?' या प्रदेशातील प्रत्येक माणूस दिवसातून दहा वेळा हे बोलतो. प्रमाण मराठीत याचा अर्थ 'तो काय करतो आहे?' शिक्षक सांगतात, ही हिंदीची छाया आहे, 'कर रहा है'चे भाषांतर आहे. प्रकरण मिटले! खरे तर येथून ते सुरू व्हायला हवे. हिंदीत नुसता धातू येतो, वऱ्हाडीत 'ऊन' प्रत्ययान्त रूप येते. मग वऱ्हाडीने हिंदीकडून नेमके काय घेतले? शब्द घेतला नाही, प्रत्ययही घेतला नाही. घेतला असेल तर नुसता सांगाडा घेतला, आणि त्यात हाडे-मांस आपले भरले. की हा सांगाडा दोन्हीकडे स्वतंत्रपणे घडला? पुढे पाहा : 'राह्यला' हे रूप भूतकाळाचे, पण अर्थ वर्तमानाचा. हा अर्थ कोठून आला? 'तो बसून राह्यला' या वाक्याचे अर्थ किती? प्रमाण मराठीच्या वळणाने 'तो बसूनच राहिला' हा एक, आणि 'तो या क्षणी बसतो आहे' हा दुसरा. ऐकणारा यांतला नेमका कोणता, हे कशावरून ठरवतो? कोणती क्रियापदे या रचनेत येऊ शकतात आणि कोणती अडतात? 'माहीत असणे' येईल काय? नकार कोठे बसतो, 'करून'च्या आधी की नंतर? या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर वाशिम, रिसोड, मालेगाव, मंगरूळपीर, कारंजा, मानोरा या सहा तालुक्यांतील विद्यार्थ्यांच्या जिभेवर आहे. त्यासाठी परदेशी शिष्यवृत्ती लागत नाही. एक वही आणि एक बरा प्रश्न लागतो.

आमच्या माहितीतील एका विद्यार्थ्याने याच रचनेवर पीएच.डी.चा प्रस्ताव दिला होता. 'यात साहित्य कोठे आहे?' असे विचारून समितीने तो परत पाठवला. त्याने अखेर एका कादंबरीकाराच्या साहित्यातील स्त्रीचित्रणावर प्रबंध लिहिला. त्या विषयावर त्याच्या आधी किती प्रबंध झाले आहेत हे विचारण्याची गरज मात्र समितीला वाटली नाही.

या वृत्तीच्या समर्थनार्थ तीन युक्तिवाद नेहमी केले जातात. त्यांचा समाचार घेणे आवश्यक आहे.

पहिला युक्तिवाद : आम्ही साहित्याचे लोक, भाषाविज्ञान कोरडे आहे. हे म्हणणारे 'लीळाचरित्र' शिकवतात, 'ज्ञानेश्वरी' शिकवतात, आणि त्यांतील क्रियापदाचे रूप आले की शब्दार्थावर भागवून पुढे जातात. निवेदनाचा दृष्टिकोन हा साहित्याचाच प्रश्न आहे ना? मग हे पाहा. 'सासूला वाटले की सुनेने आपल्याला दोष दिला' आणि 'सासूला वाटले की सुनेने स्वतःला दोष दिला'. पहिल्या वाक्यात दोष सासूवर आहे, दुसऱ्यात सहजपणे सुनेवर. 'आपण' वाक्याची हद्द ओलांडून दूरच्या कर्त्याकडे पाहतो, 'स्वतः' जवळच्याकडे. कादंबरीत पात्राच्या मनात शिरताना मराठी लेखक 'आपण' का वापरतो, याचे मूळ येथे आहे. डचमध्येही आत्मवाचक सर्वनामाची 'झिख' आणि 'झिखझेल्फ' अशी दोन रूपे आहेत. त्यांच्यातील भेद मराठीहून वेगळा आहे. 'अंग धुणे' या क्रियेबरोबर नुसते 'झिख' चालते, 'द्वेष करणे' म्हटले की 'झिखझेल्फ'च लागते. एवढ्याशा भेदावर तान्या राइनहार्ट आणि उट्रेख्टचे एरिक रोयलांड यांनी १९९३ मध्ये जो सिद्धान्त उभारला, तो जगभरच्या भाषांना लावून पाहिला जातो. 'आपण' आणि 'स्वतः' यांचे काम काशी वाली यांच्यासारख्या अभ्यासकांनी केले आहे. आमच्या विद्यार्थ्याला त्यांचे नावही ठाऊक नसते.

दुसरा युक्तिवाद : हे सारे पाश्चात्त्य आहे, आपली परंपरा वेगळी. ही देशीयता सोयीची आहे, खरी नाही. जोशी आणि रोडबर्गेन एका टेबलावर बसले तेव्हा शिकवणारा कोण होता आणि शिकणारा कोण? पॉल किपार्स्की यांचा पाणिनीच्या विकल्पविधानांवरील ग्रंथ १९७९ मध्ये आला, तो जोशींच्याच संपादनाखाली. आधुनिक भाषाविज्ञान पाणिनीकडून घेताना संकोचले नाही. आम्ही मात्र ते परत घ्यायला संकोचतो. आणि मराठीत परंपरा नाही असे थोडेच आहे? दादोबा पांडुरंगांचे व्याकरण १८३६ चे, मोरो केशव दामले यांचे १९११ चे. अरविंद मंगरूळकर आणि कृ. श्री. अर्जुनवाडकर यांनी मराठी व्याकरण संस्कृत आणि इंग्रजी साच्यांतून सोडवण्यासाठी वाद घातले. अशोक केळकरांनी कॉर्नेलमध्ये मराठीच्या ध्वनिव्यवस्थेवर आणि पदव्यवस्थेवर प्रबंध लिहिला, आणि परत येऊन 'वैखरी' मराठीत लिहिले. ही परंपरा आहे. ती आमच्या अभ्यासक्रमात 'टीपा लिहा' एवढीच उरली, हा गुन्हा पाश्चात्त्यांचा नव्हे.

तिसरा युक्तिवाद सर्वांत घातक, कारण तो सहानुभूतीचा वेष घेऊन येतो : आमची मुले ग्रामीण आहेत, त्यांना हे झेपणार नाही. आम्ही म्हणतो, हे काम झेपेल तर त्यांनाच झेपेल. पुण्याच्या विद्यार्थ्याला 'करून राह्यला' समजून घ्यायला माहितगार शोधावा लागेल. मानोऱ्याचा विद्यार्थी स्वतःच माहितगार आहे. पोहरादेवीच्या परिसरातील मुलगा घरी गोरमाटी बोलतो, बाजारात वऱ्हाडी, वर्गात प्रमाण मराठी आणि मोबाइलवर हिंदी. चार व्याकरणे एका डोक्यात घेऊन वावरणाऱ्या या मुलाला आपण 'कच्चा' म्हणतो. भाषाविज्ञानाच्या दृष्टीने तो या जिल्ह्यातला सर्वांत श्रीमंत माणूस आहे. त्याला दरिद्री ठरवले आहे ते आपल्या प्रश्नपत्रिकांनी.

डचांचे सारेच अनुकरणीय आहे असे आम्ही म्हणत नाही. डच वाक्यांवरचे बहुतेक सैद्धान्तिक लेखन इंग्रजीत होते. सामान्य डच वाचकापर्यंत ते फारसे पोहोचत नाही. अ‍ॅम्स्टरडॅमच्या एका नामवंत विद्यापीठाने तर २०१९ मध्ये विद्यार्थ्यांअभावी डच भाषेचा पदवी अभ्यासक्रमच बंद करायचा निर्णय घेतला. भाषेवर जगन्मान्य संशोधन व्हावे आणि तिच्या विभागात विद्यार्थी नसावेत, ही विसंगती तेथेही आहे. आमच्याकडे नेमके उलटे आहे : विभाग आहेत, विद्यार्थी आहेत, संशोधन नाही. म्हणूनच आम्हांला संधी आहे. हे काम आपण मराठीत करू शकतो, मराठी वाचकासाठी करू शकतो. केळकरांनी, मिलिंद मालशे यांनी ते होऊ शकते हे दाखवून ठेवले आहे.

मग करायचे काय? डचांनी त्यांच्या बोलींच्या वाक्यरचनेचा नकाशासंग्रह २००५ आणि २००८ मध्ये दोन भागांत काढला. नेदरलँड्स, बेल्जियम आणि फ्रान्सचा एक कोपरा मिळून २६७ ठिकाणी तेच ते प्रश्न विचारले, आणि वाक्यरचना गावोगाव कशी बदलते ते नकाशावर उतरवले. आपल्याकडे ग्रीअर्सनच्या सर्वेक्षणाचा मराठी खंड स्टेन कोनो यांनी १९०५ मध्ये सिद्ध केला. पुढे अ. मा. घाटगे यांनी बोलींच्या सर्वेक्षणाचे मोलाचे खंड काढले, पण त्यांचा भर कोकण आणि किनारपट्टीवर होता. अलीकडे पुण्याच्या डेक्कन कॉलेजने राज्य मराठी विकास संस्थेच्या साहाय्याने बोलींचे नवे सर्वेक्षण हाती घेऊन ते सर्वांसाठी खुले केले, ही आनंदाची गोष्ट. पण किती मराठी विभागांनी ते वर्गात उघडले?

नव्या शैक्षणिक धोरणामुळे एम.ए.ला संशोधन प्रकल्प आला आहे. आमची सूचना साधी आहे. वाशिम जिल्ह्यातील प्रत्येक मराठी विभागाने दरवर्षी एकच रचना निवडावी. प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या गावातील तीन पिढ्यांच्या माणसांना तेच वीस प्रश्न विचारावेत, उत्तरे जशीच्या तशी नोंदवावीत आणि ती नकाशावर मांडावीत. वऱ्हाड कोठे संपते आणि मराठवाडा कोठे सुरू होतो हे महसूल खात्याला ठाऊक आहे. 'मले' कोठे संपते आणि 'मला' कोठे सुरू होते हे आपण शोधायचे आहे. पाच वर्षांत पाच नकाशे होतील. कोणत्याही मानधनाच्या चर्चासत्रातून आजवर जे निघाले नाही ते त्यांतून निघेल.

यावर 'पदोन्नतीसाठी याचे गुण किती?' असा प्रश्न येणार हे आम्ही जाणून आहोत. २०१० पासून आपण गुण मोजत आलो. २०१९ मध्ये मान्यताप्राप्त नियतकालिकांची यादी आली, २०२५ मध्ये ती रद्दही झाली. त्या यादीत बसावेत म्हणून पैसे भरून छापलेले किती लेख आज कोणी उघडून पाहतो, हे प्रत्येकाने आपल्या मनाला विचारावे. याद्या येतात आणि जातात. सोळाशेहून अधिक वर्षांपूर्वी वत्सगुल्माच्या एका लेखनिकाने राजाची वंशावळ संस्कृतात लिहिली, पण जमीन कोणाला दिली, कोणत्या अटींवर दिली, हे लिहायची वेळ आली तेव्हा तो प्राकृताकडे वळला. लोकांचा व्यवहार ज्या भाषेत चालतो तिच्यातच नेमके लिहावे लागते, हे त्याने कृतीने दाखवले. मराठीच्या प्राध्यापकांनी वंशावळ पुष्कळ वाचून झाली आहे. आता व्यवहाराच्या ओळी वाचायला घ्याव्यात, आणि त्या आपल्याच विद्यार्थ्यांच्या तोंडी आहेत.